वृद्धाश्रमात रात्रीचं पडणं कसं टाळावं

संडासातला दांडा, रात्रीचा दिवा, कोरडी फरशी हे सगळं तुमच्याकडे असेलच. दांडा मात्र भिंतीत बोल्टने बसवलेला हवा. टॉवेल वाळत घालायच्या नळीला धरून माणूस उठायला गेला, की नळीसकट खाली येतो.

अंगठ्याची स्लीपर बंद करा, मागे पट्टा असलेली चप्पल द्या. काठी मनगटाच्या घडीइतकी उंच असावी, तळाचं रबर झिजलं की बदलावं. पलंगावर बसल्यावर दोन्ही टाचा जमिनीला टेकल्या पाहिजेत. झोळ पडलेली बाज तर नकोच, तिच्यातून उठताना तरणा माणूसही कोलमडतो. आपल्याकडे विदर्भात मे महिन्यात पारा 45 च्या वर जातो, कूलर रात्रभर चालतो आणि त्याच्याखाली थारोळं साचतं. ज्याने कूलर भरला, त्यानेच फरशी पुसायची.

आता खरं दुखणं, रात्रीचं उठणं.

"उठायचं झालं की हाक मारा" हा सल्ला मी पहिली दोन वर्षं देत होते. काडीचा उपयोग नाही. एका आजीला घंटी आणून दिली, तर तिने ती चिंधीत गुंडाळून उशाखाली ठेवली, वाजू नये म्हणून. "तुही झोप कायले मोडू, माय?" त्याच पावसाळ्यात पहाटे ती मोरीच्या उंबऱ्यावर पडली. खुब्याचं हाड गेलं.

तेव्हापासून हाकेची वाट पाहणं सोडलं. नवीन माणूस आला की पहिल्या तीन रात्री तो किती वाजता उठतो ते वहीत लिहायचं. बहुतेकांची वेळ ठरलेली असते. त्याच्या पंधरा मिनिटं आधी आपण जायचं. "जायचं का?" असं विचारू नका, उत्तर "नाही" येतं. "चला बाबाजी, जाऊन येऊ" म्हणा.

उठवताना घाई करू नका. आडवं असतानाच पावलं दहा-बारा वेळा वरखाली करायला लावा. मग पाय जमिनीवर टेकवून एक-दोन मिनिटं कडेला बसू द्या. उभं राहिल्यावर लगेच पाऊल टाकू देऊ नका, आधी चक्कर येते का विचारा. आली तर तिथंच परत बसवा. समोरून हात ओढणं तर अजिबात नको. बाजूला उभं राहून कंबरेला आधार द्या.

चक्कर वारंवार येत असेल तर पाच मिनिटं झोपवून रक्तदाब मोजा, मग उभं केल्यावर एक आणि तीन मिनिटांनी पुन्हा. वरचा आकडा 20 ने किंवा खालचा 10 ने उतरला, तर वही घेऊन डॉक्टरांकडे जा. रक्तदाबाची, झोपेची, प्रोस्टेटची, लघवीची गोळी कोणती आणि किती वाजता देता, तेही सांगा. आपल्या मनाने गोळी बंद करायची नाही. आणि रात्री उठू नये म्हणून दिवसभर पाणी तोडणारे लोक मी पाहिलेत. उन्हाळ्यात त्यानेच रक्तदाब उतरतो आणि माणूस पडतो.

पलंगाला उंच कठडे लावून मोकळं होऊ नका. गोंधळलेला माणूस कठड्यावर चढतो आणि जास्त उंचीवरून पडतो. बांधून ठेवण्याबद्दल तर बोलूच नका.

कोणी पडलंच तर झटकन उचलू नका. एक पाय आखूड, बाहेर वळलेला दिसला तर हलवू नका, 108 ला फोन करा. रक्त पातळ करायची गोळी चालू असेल आणि डोकं आपटलं असेल, तर "मले काही झालं नाही" हे ऐकून घ्या आणि तरीही लगेच दवाखान्यात न्या.