हॉकीत डिफेंडर म्हणून देशाच्या टीमपर्यंत कसं पोचायचं

आधीच सांगून टाकतो, डिफेंडरचं काम थँकलेस आहे. फॉरवर्डने चार सोपे चान्स घालवले आणि पाचवा मारला की तो हिरो, आणि तुम्ही अख्खी मॅच बॉल काढत बसलात अन् शेवटच्या मिनिटाला पायाला लागला तर लोकांना तेवढंच आठवतं. हे चालणार असेल तर पुढे वाचा.

बहुतेक पोरं डिफेन्स म्हणजे टॅकल असं धरून चालतात, आणि तिथेच अडकतात. सिलेक्टर आणि मोठ्या लेव्हलचे कोच बघतात की हा माणूस टॅकल न करता किती वेळ समोरच्याला अडकवून ठेवू शकतो. कारण एकदा तुम्ही झेपावलात आणि चुकलात की तुम्ही गेममधून बाहेर, तो गोलकडे निघाला आणि तुम्ही त्याच्या पाठीमागे धावताय.

म्हणून सुरुवात पायापासून. समोरून फॉरवर्ड बॉल घेऊन येतोय, तर त्याच्या अगदी समोर दोन्ही पाय समांतर ठेवून उभं राहायचं नाही, तसं राहिलात तर तो बॉल सरळ पायांमधून काढतो. डावा पाय थोडा पुढे, गुडघे वाकलेले, दोन्ही हात स्टिकवर, स्टिकचं डोकं टर्फला जवळजवळ टेकलेलं. नजर बॉलवर, त्याच्या खांद्यांवर नाही कारण खांदे खोटं बोलतात. आणि मग त्याच्या स्पीडने मागे सरकत राहायचं, सरकताना त्याला हळूहळू तुमच्या उजवीकडे ढकलायचं. ती तुमची फोरहँडची बाजू आणि त्याची रिव्हर्सची, जिथे स्टिक उलटी फिरवून खेळावं लागतं, म्हणजे तिकडे गेला की त्याला शॉट मारायला त्रास आणि तुम्हाला टॅकल सोपा. यालाच चॅनेल करणं म्हणतात. मधे मधे एका हाताने जॅब मारायचा पण तो बॉल काढायला नाही, त्याची मान खाली घालायला. जॅब दाखवला की तो बॉलकडे बघतो, बॉलकडे बघितलं की त्याला पास दिसत नाही, तेवढ्यात तुमचा मिडफिल्डर मागून येतो. खरा टॅकल तेव्हाच टाकायचा जेव्हा बॉल त्याच्या स्टिकपासून जरा लांब गेलाय, किंवा तुमच्या बाजूला कव्हर, म्हणजे सांभाळून घ्यायला आपला दुसरा माणूस, उभा आहे. कव्हर नसेल तर थांबा. अजून थांबा.

ही सवय लागायला पार्टनर लागतो आणि टर्फची एक अरुंद पट्टी लागते, ट्वेंटी-थ्रीच्या लाइनपासून (गोलपासून साधारण २३ मीटरवरची रेघ) डी पर्यंत (गोलसमोरचा अर्धगोल). पार्टनरने अटॅक करायचा आणि तुम्ही पहिले काही राउंड टॅकल करायचाच नाही, फक्त त्याला डीच्या बाहेर ठेवायचं. कंटाळवाणं आहे, करा.

डीच्या आत आलं की वेगळंच गणित. तिथे पायाला बॉल लागला की पेनल्टी कॉर्नर (पीसी), म्हणजे समोरच्यांना गोलच्या रेघेवरून बॉल आत ढकलून शॉट मारायचा चान्स, आणि गोल नक्की होत होता असं अंपायरला वाटलं तर स्ट्रोक, म्हणजे फक्त गोलकीपरसमोर थेट शॉट. त्यात काही जण घाबरून बॉल मुद्दाम बॅकलाइनबाहेर (गोल ज्या रेघेवर असतो तिच्या मागे) घालवतात, त्यालाही पीसीच मिळतो, चुकून गेला तर गोष्ट वेगळी. म्हणून डीमधे बॉल मिळाला की साइडलाइनकडे, हे डोक्यात पक्कं बसवा.

आता कार्ड. ग्रीन म्हणजे २ मिनिटं बाहेर, यलो म्हणजे किमान ५, रेड म्हणजे मॅच संपली तुमच्यासाठी, आणि त्या काळात टीम एक माणूस कमी घेऊन खेळते. चार क्वार्टर १५-१५ मिनिटांचे, त्यात ५ मिनिटं दहा जणांनी खेळणं काय असतं ते खेळल्याशिवाय कळत नाही. पॅरिस ऑलिम्पिक २०२४ ची क्वार्टर फायनल आठवा, ग्रेट ब्रिटनविरुद्ध आपला डिफेंडर अमित रोहिदासला १७ व्या मिनिटाला रेड कार्ड मिळालं, स्टिक समोरच्याच्या चेहऱ्याला लागली म्हणून. भारत उरलेली सगळी मॅच दहा जणांत खेळला, १-१ ठेवलं आणि शूटआउटमधे ४-२ ने जिंकला, पण सेमीफायनलला सस्पेन्शनमुळे रोहिदास नव्हता आणि जर्मनीकडून २-३ ने हरलो. ते कार्ड बरोबर की चूक यावर लोक अजून भांडतील, डिफेंडरने त्यातून एवढंच उचलायचं की फॉलो-थ्रूमधे स्टिक कुठे जाते ते तुमच्या हातात असलं पाहिजे. बरेचसे ग्रीन कार्ड तर निव्वळ आळशीपणाचे असतात. फ्री हिट दिली की ५ मीटर मागे जायचं असतं, समोरचा सेल्फ पास घेऊन, म्हणजे बॉल स्वतःच पुढे सरकवून, लगेच निघतो, तुम्ही अजून तिथेच उभे आणि सवयीने स्टिक घालता. शिटी वाजली की आधी पाय हलवा, अंपायरशी बोलणं नंतर, किंवा नकोच.

पीसी डिफेन्स हा वेगळा जॉब आहे आणि टीममधे जागा मिळवायचा शॉर्टकट पण. गोलकीपर धरून पाच जण बॅकलाइनमागे, बाकीचे सेंटर लाइनच्या पलीकडे. बॉल आत ढकलला गेल्याशिवाय हलायचं नाही, आधी निघालात तर तुम्हाला सेंटरला पाठवतात आणि तुमच्या जागी दुसरा येत नाही. पहिला धावणारा, ज्याला फर्स्ट रशर म्हणतात, त्याची गंमत अशी की ड्रॅग फ्लिक (बॉल स्टिकवर ओढत आणून फेकलेला शॉट) ताशी १०० किमीच्या वर जाऊ शकते आणि हा माणूस मास्क, ग्लोव्ह, नी पॅड घालून तिच्या दिशेनेच पळतोय. त्याने फ्लिकरच्या अंगावर सरळ जायचं नसतं, गोलकीपरशी आधी ठरवलेली एक लाइन धरायची, म्हणजे एक बाजू रशरची, दुसरी कीपरची. स्टिक खाली, दोन्ही हातात, शरीर लहान. आणि नियम माहीत हवा: ५ मीटरच्या आत असताना पहिला शॉट गुडघ्याखाली लागला तर पुन्हा पीसी, गुडघ्यावर किंवा त्याच्या वर लागला आणि तुम्ही नीट उभे होतात तर फ्री हिट तुम्हाला. सगळ्यांनाच हे काम करावंसं वाटत नाही, आणि म्हणूनच जो चांगलं करतो त्याला बाहेर बसवणं कोचला जड जातं.

दुसरी बाजू म्हणजे स्वतः फ्लिक मारणं. जगातले कितीतरी मोठे ड्रॅग फ्लिकर डिफेंडरच. पाकिस्तानचा सोहेल अब्बास ३४८ इंटरनॅशनल गोल करून गेला, हरमनप्रीत सिंगने पॅरिसमधे १० गोल मारले, गुरजीत कौरच्या एका पीसीवर टोकियो ऑलिम्पिकमधे ऑस्ट्रेलियाची महिला टीम घरी गेली. पीसीवर पहिला शॉट हिट (स्टिक फिरवून मारलेला) असेल तर तो गोलच्या ४६ सेंमीच्या बोर्डच्या उंचीवर जाऊन चालत नाही, फ्लिकला ही मर्यादा नाही, म्हणून फ्लिकची एवढी किंमत. पण शिकताना घाई नको. बॉल मागच्या पायाजवळ उचलायचा, स्टिकवर लांब ओढत आणायचा, आणि खाली बसून कंबर फिरवायची. सगळा लोड कंबरेवर आणि पुढच्या पायावर. वाढत्या वयात रोज शेकडो फ्लिक मारणाऱ्यांची पाठ लवकर जाते, त्यापेक्षा कमी मारा, व्हिडिओ काढा, आणि कंबर-मांड्यांची ताकद आधी वाढवा. फ्लिक जमत नसेल तर टेन्शन घेऊ नका, पीसीला बॉल स्टॉप करणारा पण तेवढाच लागतो.

आणि हे कमी लोक सांगतात: आजचा डिफेंडर पासिंगवर सिलेक्ट होतो. बेल्जियमचा आर्थर व्हॅन डोरेन २०१७ आणि २०१८ ला जगातला बेस्ट प्लेयर ठरला, डिफेंडर असून, कारण अटॅक त्याच्यापासून सुरू व्हायचा. मागे चौघांनी बॉल फिरवत ठेवायचा, समोरचा प्रेस (बॉल हिसकायला पुढे येणं) कुठून येतो ते बघायचं, आणि जिथे फट दिसेल तिथून जोरात सपाट पास. आपल्या डीसमोरून आडवा पास नको, तो कापला गेला की सरळ गोलकीपर आणि फॉरवर्ड समोरासमोर. ओव्हरहेड (उंच उचललेला लांब पास) शिका, दोन्ही बाजूंनी, कारण सगळे प्रेस करायला पुढे आले की त्यांच्या डोक्यावरून बॉल टाकणारा माणूस टीमचा श्वास मोकळा करतो. बोलणं पण यातच आलं. मागून सगळं मैदान तुम्हालाच दिसतं, त्यामुळे "मागे माणूस", "डावीकडे", "सोड" हे सतत ओरडता आलं पाहिजे, लाजाळू डिफेंडरला वरच्या लेव्हलला टिकणं अवघड.

करिअरचा रस्ता सगळीकडे साधारण सारखाच, क्लब किंवा अकादमी, एज ग्रुप टीम, ज्युनिअर (२१ वर्षांखालचा वर्ल्ड कप हा मोठा दरवाजा), मग सीनियर कॅम्प. कॅम्पमधे यो-यो टेस्ट (वाढत्या स्पीडने पळायची दमाची परीक्षा) असते, जीपीएस व्हेस्ट (धावणं मोजणारं बनियन) घालून पळवतात, तिथे मागे पडलात तर स्किल कोणी बघत नाही. ऑलिम्पिक स्क्वॉड १६ जणांचाच, म्हणून एकच जागा खेळणारा डिफेंडर लवकर कापला जातो. साइडचा हाफ आणि मधला सेंटर दोन्ही खेळता आलं पाहिजे, शक्यतो दोन्ही बाजूंना.

तिशीच्या पुढे गेलात की स्पीड जातो, पण गेम वाचणं वाढतं, म्हणून बरेच जण साइडवरून मधे सरकतात. भारताचा डिफेंडर दिलीप तिर्की ४०० च्या वर इंटरनॅशनल मॅच खेळला. त्या वयात रिकव्हरीच ट्रेनिंग असते, झोप, बर्फ, हॅमस्ट्रिंग. पोटापाण्याचा प्रश्नही तेव्हाच समोर येतो, खेळून मिळणारा पैसा सगळ्यांना पुरत नाही, त्यामुळे नोकरी, शिक्षण किंवा कोचिंगचा पहिला कोर्स खेळत असतानाच करून घ्या, नंतर करतो म्हणणाऱ्यांचं नंतर फार पुढे जातं.