साऊथचा पिक्चर हवा त्या भाषेत, चोरीची लिंक न उघडता

‘ओटीटीवर आलाच नाही’ म्हणून लोक टेलिग्रामवर लिंक शोधतात, तेव्हा पुष्कळदा पिक्चर आलेला असतो. फक्त दुसऱ्या भाषेत किंवा दुसऱ्या ॲपवर. साऊथमध्ये डिजिटल हक्क अनेकदा भाषेगणिक विकले जातात. ‘आरआरआर’ मे २०२२ मध्ये हिंदीत नेटफ्लिक्सवर आला आणि तेलुगू, तमिळ, कन्नड, मल्याळममध्ये झी५वर. म्हणून आधी भाषा ठरवा, मग ॲप. थिएटरात सुरुवातीच्या पाट्या वाचल्यात तर हक्क कोणी घेतलेत हे अनेकदा तिथेच कळतं.

तमिळ पिक्चर साधारण चार आठवड्यांनी घरी येतो. हिंदी डबला मात्र मोठ्या मल्टिप्लेक्स साखळ्या आठ आठवड्यांचं अंतर मागतात. निर्मात्याने ते दिलं नाही तर तिथे हिंदी आवृत्ती लागत नाही. २०२३ मध्ये ‘लिओ’चं हेच झालं. अशा वेळी एकपडदा थिएटरं बघा, नाहीतर सबटायटलचा तमिळ शो.

नाव टाकूनही सापडत नसेल तर स्पेलिंग तपासा. तिकडे ‘त’साठी ‘टीएच’ लिहितात (आपली ललिता तिकडे ‘ललिथा’ वाटते), आणि तमिळमधल्या ‘ळ’सारख्या एका अक्षरासाठी ‘झेडएच’. तरीही नाही मिळाला, तर दिग्दर्शकाच्या नावाने शोधा. डाउनलोडपूर्वी ऑडिओची भाषा निवडा, नाहीतर प्रवासात मूळ तेलुगूच ऐकावं लागेल.

यूट्यूबवरच्या हिंदी डबमध्ये गाड्यांच्या नंबरप्लेट उलट्या दिसल्या, आवाज चिरका वाटला, भोवती जाड चौकट असली, तर ती चोरीची प्रत समजा. यूट्यूबची आपोआप होणारी तपासणी चुकवायला चित्र असं फिरवतात.

लिंकवरून आलेल्या फाइलचं शेपूट बघा. अडीच तासांचा एचडी पिक्चर एक-दोन जीबीच्या आसपास असतो आणि एमपी४ किंवा एमकेव्ही असतो. शेवटी एपीके असेल तर तो पिक्चर नव्हे, ॲप आहे. ते एसएमएसची परवानगी मागतं आणि बँकेचा ओटीपी वाचतं. चुकून टाकलंच, तर आधी इंटरनेट बंद करा, ॲप काढा आणि दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा.

थिएटरात पायरेटेड प्रत बनवण्यासाठी शूटिंग केलं तर सिनेमॅटोग्राफ कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीनुसार तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान तीन लाख दंड आहे. डिजिटल प्रतीतल्या अदृश्य वॉटरमार्कवरून कुठला पडदा आणि कुठली वेळ, दोन्ही काढता येतं.