'पाथ ऑफ एक्झाइल'मध्ये सोबती हवेत? आधी लूटवाटप बघा

'पाथ ऑफ एक्झाइल' या ऑनलाइन गेममध्ये एका पार्टीत (एकत्र खेळणाऱ्या गटात) 6 जण मावतात, तरी बरेच जण वर्षानुवर्षं एकटेच खेळतात. कीबोर्डवर S दाबून सोशल पॅनेल उघडा, तिथे सार्वजनिक पार्ट्यांची यादी मिळते. यादी रिकामी दिसली तर स्वतःच पार्टी काढा आणि वर्णनात नेमकं लिहा: कथेचा कोणता अंक, कोणता बॉस (मोठा शत्रू), किती वेळ खेळणार. नुसतं 'या खेळायला' लिहून फारसं कोणी येत नाही. चॅटमध्ये /global 820 टाइप केलंत की मदत मागणाऱ्या आणि देणाऱ्यांच्या चॅनेलवर पोहोचता.

पार्टीत शिरण्याआधी लूटवाटप, म्हणजे मारलेल्या राक्षसांकडून पडलेल्या वस्तू कोणाला मिळणार, हे मात्र नक्की विचारा. ते पार्टीचा प्रमुख ठरवतो. 'फ्री फॉर ऑल' असेल तर ज्याचा हात आधी पडेल त्याची वस्तू. 'शॉर्ट'मध्ये तुमच्या नावाची वस्तू थोडाच वेळ राखीव राहते, 'पर्मनंट'मध्ये कायम. अनोळखी मंडळींसोबत मी 'पर्मनंट'च मागते. भांडणाचं मूळच उरत नाही.

पार्टीत माणसं वाढली की राक्षसांचं 'लाइफ'ही वाढतं, म्हणजे ते मारायला जड जातात, त्यामुळे तुमचं पात्र कच्चं असेल तर तसं आधीच सांगून टाका. आणि चांगले खेळाडू भेटले की पार्टी मोडण्यापूर्वी त्यांना मित्रयादीत जोडा. नवी लीग (सगळे नव्याने सुरुवात करतात तो गेमचा हंगाम) सुरू होते तेव्हा तीच यादी कामी येते.