सेल्ससचं हरवलेलं पुस्तक ओरिजेनच्या उत्तरातून कसं वाचायचं

सुरुवातीच्या ख्रिश्चनांबद्दल शिकलेसवरलेले ग्रीक-रोमन लोक काय बोलायचे हे बघायचं तर सेल्सस हा ख्रिश्चनांवर टीका करणारा ग्रीक लेखक वाचायलाच हवा, आणि गोची अशी की त्याचं पुस्तक शिल्लकच नाहीये. इ.स. १७५-१८० च्या सुमारास त्याने लिहिलं, मग साधारण २४८ साली ओरिजेन या ख्रिश्चन विद्वानाने त्याला आठ भागांत उत्तर दिलं आणि खोडून काढायला म्हणून त्याचेच उतारे देत गेला. पूर्वपक्ष गेला, उत्तरपक्ष राहिला.

आधी या उत्तराची प्रस्तावना वाचा, स्किप मारू नका. ओरिजेन तिथे सरळ सांगतो की आधी नुसते मुद्दे आणि छोटी उत्तरं टिपून मग नीट लिहायचा प्लॅन होता, पण सेल्सस एका ज्यू माणसाला येशूशी वाद घालायला उभा करतो तिथवर आल्यावर वेळ वाचवायला प्लॅन बदलला. म्हणजे त्याच्या आधीचा भाग टिपणासारखा आहे, तिथल्या उताऱ्यांवर फार भार टाकू नका.

इंग्रजी चालत असेल तर हेन्री चॅडविकचं १९५३ चं भाषांतर घ्या, त्यात सेल्ससचे शब्द तिरप्या टाइपात आहेत, नाहीतर पेन्सिल घेऊन स्वतःच खुणा करत बसावं लागतं.

ओरिजेन सेल्ससला एपिक्युरियन म्हणतो, म्हणजे देवांना जगाशी काही देणंघेणं नाही असं मानणाऱ्या एपिक्युरसच्या पंथाचा. मी पहिल्यांदा हा शिक्का खरा मानला आणि पुढे काही म्हणजे काही जुळेना, कारण ७.४२ मध्ये (उत्तराचा सातवा भाग, बेचाळिसावा परिच्छेद) हाच माणूस प्लेटोच्या 'टिमेयस'मधलं वाक्य आणतो, की विश्वाचा निर्माता आणि पिता सापडणं अवघड आणि सापडला तरी सगळ्यांना सांगणं अशक्य. हा एपिक्युरियन कसला! ४.५४ मध्ये तर खुद्द ओरिजेनलाच शंका येते की हा आपलं मत लपवतोय, की बदललाय, की नुसता त्याच नावाचा दुसरा कुणी आहे.

आता सगळ्यात कामाची ट्रिक: विरोधक काय नाकारत नाही ते बघा. ३.५५ काढा. तिथे सेल्सस ख्रिश्चनांबद्दल म्हणतो: लोकर विणणारे, जोडे शिवणारे, कपडे धुणारे अडाणी लोक घरांत शिरतात, पोरांना आणि बायकांना गाठून सांगतात बापाचं आणि मास्तरांचं ऐकू नका, बाप किंवा मास्तर येताना दिसला की भित्रे पांगतात आणि धीट असतात ते पोरांना आणखी चढवतात, की चला दुकानात, तिथे खरं ज्ञान मिळेल. शिवी आहे, तिखटमीठ लावलेलंच असणार. पण लगेच पुढचं उत्तर वाचा, 'असं काही होत नाही' असं ओरिजेन म्हणत नाही, तो उलट विचारतो की आम्ही त्यांना कुठल्या चांगल्या गुरूपासून तोडलं ते दाखव. म्हणजे घराघरातून, दुकानांतून शिकवणं चालायचं, एवढं बहुतेक दोघांनाही मान्य आहे.

मग परत ७.४२ वर या. प्लेटोचं वाक्य ओरिजेनलाही भारी वाटतं, भांडण फक्त पुढच्या पायरीचं, तो म्हणतो देव अवघड आहे म्हणूनच तर देवाचा 'शब्द' (म्हणजे येशू) देह धरून सगळ्यांसाठी खाली आला.