पालकांनो, मुलांचा अभ्यास घेताना या चुका टाळा

रात्री नऊनंतर कुठल्याही वर्गाचा व्हॉट्सॲप ग्रुप उघडा. ‘उद्या गणिताची कुठली वही आणायची आहे?’, ‘इंग्रजीच्या गृहपाठाचा फोटो कुणी टाकता का?’ असं विचारणारे सगळे आई-बाबा असतात, आणि ज्याचा गृहपाठ तो केव्हाच झोपलेला असतो. प्राथमिकच्या वर्गांना शिकवताना मला हे दरवर्षी दिसतं. आताचे पालक मुलांच्या अभ्यासात खूप लक्ष घालतात, त्यासाठी वेळ काढतात, पोटाला चिमटा काढून फी भरतात. तरीही काही मुलं अडलेली असतात तिथेच राहतात. घरातून लक्ष दिलं की मुलं पुढे जातात, हे खरंच आहे. पण मुलाने करायचं काम पालक करू लागले की तेच लक्ष मुलाला मागे खेचतं.

ग्रुपचंच घ्या. आई रात्री विचारून घेणार हे माहीत असलं की मूल वर्गात गृहपाठ लिहूनच घेत नाही. उपाय सोपा आहे, पण मन घट्ट करावं लागतं. गृहपाठ लिहून आणला नसेल तर मुलाने स्वतः मित्राला फोन करून विचारायचं. नाही विचारलं, तर दुसऱ्या दिवशी बाईंना त्यानेच सांगायचं. दुसरी-तिसरीतलं मूल हे आरामात करू शकतं.

उत्तर खोडलं, चूक तशीच राहिली

सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, म्हणून हे जरा सविस्तर सांगते.

तिसरीतल्या मुलाने ५२ वजा २७ केले आणि उत्तर लिहिलं ३५. घरी काय होतं? ‘अरे, हातचा घेतला नाहीस!’ म्हणून खोडरबर फिरतं, आई किंवा बाबा वर बारीक अक्षरात आकडे मांडतात, २५ लिहून घेतात. वही स्वच्छ, गृहपाठ पूर्ण. दुसऱ्या दिवशी वर्गात ६३ वजा २८ दिले की तेच मूल ४५ लिहितं.

मुलाने आकडेमोड चुकवलेली नसते, एक नियम मनाशी पक्का केलेला असतो: मोठ्यातून लहान वजा करायचं. २ मधून ७ जात नाहीत, म्हणून त्याने ७ मधून २ काढले. हे कळायला एकच प्रश्न पुरतो, ‘तू कसं केलंस, मला सांग’. ते सांगत असताना मधे बोलू नका. मग झाडूच्या काड्या घ्या. दहा-दहाचे पाच गठ्ठे रबरबँड लावून बांधा आणि दोन काड्या सुट्या ठेवा. ‘यातून सत्तावीस मला दे’ म्हणा. दोन गठ्ठे ते सहज देईल. सात सुट्या काड्या द्यायची वेळ आली की थांबेल, विचार करेल, आणि बहुतेक मुलं स्वतःच एका गठ्ठ्याचं रबर काढतात. हातचा म्हणजे काय ते त्या क्षणी कळतं. दहा मिनिटांचं काम आहे, आणि त्या दिवशी बाकीची गणितं राहिली तरी चालतील.

शाळेची पद्धत तुमच्या वेळच्यासारखी नसेल तर लगेच मोडीत काढू नका. २०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणितात ‘एकवीस’सोबत ‘वीस एक’ असं संख्यावाचन आलं, तेव्हा केवढा वाद झाला होता! त्यामागचा विचार असा होता, की मराठीत आधी एकक बोलतो आणि लिहिताना दशक आधी लिहितो, त्यामुळे लहान मुलं ‘त्रेपन्न’ ऐकून ३५ लिहितात. पद्धत पटली नाही तर शिक्षकांशी जरूर बोला. मुलासमोर मात्र ‘हे काय भलतंच शिकवतात’ म्हणू नका. दोन पद्धतींच्या ओढाताणीत त्याला एकही नीट येत नाही.

‘मलाही गणित कधी जमलं नाही’ हे वाक्यही घरातून हद्दपार करा. अमेरिकेत पहिली-दुसरीच्या मुलांवर झालेला एक अभ्यास २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. ज्या पालकांना स्वतःला गणिताची धास्ती होती आणि जे वारंवार गृहपाठाला मदत करत होते, त्यांची मुलं वर्षभरात गणित कमी शिकली आणि मुलांचीही धास्ती वाढली. तशीच धास्ती असलेले पण गृहपाठात फारसे न पडणारे पालक होते, त्यांच्या मुलांवर हा परिणाम दिसला नाही. तुम्ही चिडत असाल, घाबरत असाल, तर गणिताला दुसरं कुणी बसू द्या.

प्रगतिपुस्तकात फक्त श्रेणी बघणं

दिवाळीच्या सुट्टीआधी पहिल्या सत्राचं प्रगतिपुस्तक मिळतं. बहुतेक पालक श्रेणी बघतात, सही करतात आणि शेजारच्या मुलाला काय मिळालं ते विचारतात. महाराष्ट्रात २०१० पासून सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापन आहे. त्यात सत्राच्या शेवटची संकलित परीक्षा हा एक भाग असतो, आणि वर्षभर चालणारं आकारिक मूल्यमापन (तोंडी काम, निरीक्षण, उपक्रम, स्वाध्याय) हा दुसरा. म्हणूनच श्रेणीशेजारी शिक्षकांनी लिहिलेल्या वर्णनात्मक नोंदी असतात. ‘वाचताना जोडाक्षरांवर अडखळतो’ ही एक ओळ ब-१ या श्रेणीपेक्षा तुम्हाला कितीतरी जास्त सांगते. नोंदी सगळ्या मुलांना सारख्याच वाटल्या, तर शिक्षकांना थेट विचारा: माझी मुलगी वर्गात प्रश्न विचारते का? न समजल्यावर सांगते, की गप्प बसते? वाचताना नेमकी कुठे थांबते? पालकसभेत ‘दोन गुण का कापले’ यावर घालवलेला वेळ वाया जातो.

आठवीपर्यंत नापास करत नाहीत, म्हणून निर्धास्त राहणारेही बरेच पालक आहेत. ते दिवस गेले. शिक्षण हक्क कायद्यात २०१९ मध्ये दुरुस्ती झाली, आणि राज्यात २०२३ पासून पाचवी आणि आठवीला वार्षिक परीक्षा आहे. त्यात नापास झालं तर पुन्हा परीक्षा, आणि तिथेही जमलं नाही तर मूल त्याच वर्गात राहतं.

त्यामुळे चौथीतल्या मुलासमोर आजच दुसरीच्या पुस्तकातला एखादा परिच्छेद ठेवा आणि मोठ्याने वाचायला सांगा. ‘असर’ची (ग्रामीण मुलांचं वाचन-गणित तपासणारी देशव्यापी पाहणी) पद्धत साधारण अशीच असते: अक्षर, शब्द, सोपा परिच्छेद, मग दुसरीच्या पातळीची गोष्ट. मूल कुठल्या पायरीवर अडतं ते पाच मिनिटांत कळतं. अडलं तर ओरडू नका. त्याच पायरीवरचं रोज थोडंसं वाचून घ्या.

‘आम्ही अडाणी, आम्ही काय शिकवणार?’

हे वाक्य ऐकलं की मला फार वाईट वाटतं, कारण ते खरं नाही. आजीने ‘मला वाचून दाखव गं’ म्हणावं, मग ‘मग पुढं काय झालं? तो असं का वागला?’ विचारावं. आजीला अक्षर येत नसलं तरी नातीचं आकलन पक्कं होतं. बीड-अहिल्यानगरकडचे कितीतरी आई-बाप दिवाळीच्या आगेमागे ऊसतोडीला जातात, मुलं गावात आजी-आजोबांकडे किंवा हंगामी वसतिगृहात राहतात. या पालकांनी फोनवर ‘अभ्यास केला का?’ विचारलं की ‘हो’ एवढंच उत्तर येतं. ‘आज कुठला धडा झाला? त्यातलं काय आवडलं, सांग’ म्हटलं तर मूल बोलायला लागतं. आई शेकडो किलोमीटर लांब असली तरी तिचं आपल्या शिकण्याकडे लक्ष आहे, हे त्याला कळतं. मोठ्या मुलांबाबत संशोधनही याच दिशेचं आहे. माध्यमिकच्या वयात घरी गृहपाठाला बसून केलेल्या मदतीचा उपयोग फारसा दिसत नाही. शिक्षणाचं मोल, पुढचे बेत, शिकलेल्याचा आयुष्याशी संबंध यावरच्या घरच्या गप्पांचा उपयोग सर्वांत जास्त दिसतो.

गप्पा मात्र तुमच्या भाषेत करा. इंग्रजी शाळेत घातलं म्हणून ‘बनाना ईट कर’, ‘शूज वेअर कर’ एवढ्यावर घरातलं बोलणं आलं की मुलाला ना धड मराठी मिळते ना इंग्रजी. ‘का’, ‘कसं’, ‘समजा असं झालं तर’ हे प्रश्न ज्या भाषेत तुम्हाला सहज सुचतात, त्याच भाषेत मूल विचार करायला शिकतं.

थर्माकोलचे प्रकल्प रात्री जागून करून देऊ नका. वेडावाकडा चालेल, मुलाचा असू दे. ‘किती हुशार माझं बाळ’पेक्षा ‘तीनदा करून पाहिलंस, हे छान केलंस’ असं म्हणा. नुसत्या हुशारीचं कौतुक झालेली मुलं अवघड गणित समोर आलं की लवकर हात टेकतात.

अनुदान न घेणाऱ्या खासगी शाळा सोडल्या, तर कायद्याने शाळा व्यवस्थापन समितीत किमान तीन चतुर्थांश सदस्य पालकच असतात, आणि निम्म्या महिला. तिथली खुर्ची रिकामी ठेवून गेटवर शाळेला नावं ठेवण्यात अर्थ नाही. वडिलांनीही बैठकीला यावं. आमच्या सभांना अजूनही जवळजवळ सगळ्या आयाच असतात.

आळस समजून भलत्याच गोष्टीवर ओरडणं

फळ्यावरचं उतरवून घेत नाही, अर्धवट लिहितो, डोकं दुखतं म्हणतो: आधी डोळे तपासून घ्या. हाक मारल्यावर ओ देत नाही: कान तपासा. तोंडी सगळं फटाफट सांगतं, पण लिहायला बसलं की अक्षरं उलटसुलट होतात, तेच तेच शब्द रोज चुकतात, आणि हे तिसरी-चौथीतही तसंच चालू आहे: अशा वेळी जादा क्लास लावण्याआधी अध्ययन अक्षमतेची (डिस्लेक्सियासारख्या अडचणीची) तपासणी करून घ्या. मुंबईत सायनच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात यासाठी स्वतंत्र विभाग आहे. इतर ठिकाणी जिल्हा रुग्णालयात किंवा शाळेमार्फत तालुक्याच्या गटसाधन केंद्रात (शाळांना मदत करणाऱ्या सरकारी केंद्रात) चौकशी करा. निदान झालं, प्रमाणपत्र मिळालं, तर दहावीला जादा वेळेसारख्या सवलती मिळतात. पालक आमच्याकडे येतात ते बहुधा नववीच्या शेवटी, दहावीचा फॉर्म तोंडावर आल्यावर. तपासणीच्या तारखा मिळायला वेळ लागतो, म्हणून शंका आली त्याच वर्षी नाव नोंदवा.