एआयबी-१ प्रथिनासाठी प्रतिपिंड वापरताना

एआयबी-१ हे इस्ट्रोजेन रिसेप्टरचे (इस्ट्रोजेन संप्रेरकाचा संदेश पेशीत घेणाऱ्या प्रथिनाचे) काम वाढवणारे, म्हणजे सहसक्रियक, प्रथिन असून, काही स्तनकर्करोगांत त्याच्या जनुकाच्या प्रती वाढलेल्या असतात, हे १९९७ मध्ये प्रसिद्ध झाले. वेस्टर्न ब्लॉटने (प्रथिने जेलमध्ये आकारानुसार वेगळी करून, पडद्यावर उतरवून प्रतिपिंडाने ओळखण्याच्या पद्धतीने) ते शोधताना प्रतिपिंडाइतकेच लक्ष प्रथिनाच्या आकाराकडे द्यावे; सुमारे १६० किलोडाल्टनचे हे प्रथिन दाट जेलमध्ये नीट सरकत नाही, म्हणून ६ ते ८ टक्क्यांचे जेल घ्यावे आणि पडद्यावरचे स्थानांतर घाई न करता ४ अंश सेल्सिअसला, कमी व्होल्टेजवर, रात्रभर चालू द्यावे. गोव्याच्या पावसाळ्यात वीज कधी जाईल याचा नेम नसल्याने पॉवर सप्लाय यूपीएसला जोडलेला असावा आणि टाकीभोवती बर्फ रचून ठेवावा.

प्रतिपिंडाची नवी कुपी उघडण्यापूर्वी सेंट्रिफ्यूजमध्ये क्षणभर फिरवावी, कारण झाकणाला चिकटलेले थेंबही महागच असतात. मग उत्पादकाच्या पत्रकाप्रमाणे लहान वाटे करावेत. वारंवार गोठवणे आणि वितळवणे टाळावे. पत्रकातील सौम्यता (प्रतिपिंड किती पातळ करायचे ते प्रमाण) ही केवळ सुरुवात समजून तिच्या अलीकडची व पलीकडची एकेक सौम्यता पडताळावी.

धन नियंत्रण (ज्यात हे प्रथिन नक्की असते असा नमुना) म्हणून एमसीएफ-७ या स्तनकर्करोगाच्या पेशींचा अर्क घ्यावा. खरी कसोटी मात्र एसआय-आरएनएने (ठरावीक प्रथिन बनणे रोखणाऱ्या लहान आरएनएने) एआयबी-१ घटवलेल्या पेशींची आहे: तेथे पट्टा फिका झाला नाही, तर तो कितीही ठसठशीत दिसला तरी त्यावर विश्वास ठेवू नये. पट्टा दिसण्यासाठी प्रतिपिंडाला जोडलेले एचआरपी हे विकर (एन्झाइम) वापरत असल्यास धुण्याच्या द्रावणात सोडियम अझाइड नसावे, कारण ते या विकराला निष्क्रिय करते.