अपघातात घरचं माणूस गेलं आणि क्लेम करायचाय? या चुका टाळा

तेरावं झालं आणि दुसऱ्याच दिवशी ताईच्या सासूबाईंनी घर आवरायला काढलं, त्यात भाऊजींच्या डायऱ्यांचा गठ्ठा रद्दीवाल्याला गेला. कोणाचं लक्षच नव्हतं, आणि असतं कसं.

भाऊजी इंदूरच्या सियागंज बाजारातून हळद-मिरची-धणे उचलून सुदामा नगर, लोकमान्य नगरच्या दुकानांत पुरवायचे. सगळा धंदा रोखीचा, आयटीआर (इन्कम टॅक्स रिटर्न) कधी भरला नाही. कोणत्या दुकानात किती किलो, किती उधारी, सगळं त्या डायऱ्यांत, निळ्या पेनानं, आणि पैसे आले की लाल रेघ. उत्पन्नाचा तेवढाच पुरावा होता आणि तो किलोच्या भावानं गेला.

आता भरपाईचा हिशोब बघा, कारण लोकांना वाटतं जज साहेब अंदाजे आकडा टाकतात, तसं नाहीये. सुप्रीम कोर्टाच्या 2009 च्या सरला वर्मा आणि 2017 च्या प्रणय सेठी या निकालांनी पद्धत ठरवून दिलीय. समजा माणूस 38 चा, स्वतःचा धंदा, मागे बायको, दोन मुलं आणि आई. महिन्याचे 20,000 सिद्ध झाले तर पुढच्या वाढीचे 40 टक्के धरून 28,000, त्यातून त्याचा स्वतःचा खर्च म्हणून चौथा हिस्सा वजा, उरले 21,000, वर्षाचे 2,52,000, आणि या वयाला 15 नं गुणायचं, म्हणजे 37,80,000. पुरावा नाही म्हणून कोर्टानं मजुरीच्या दरानं 12,000 च धरले तर तेच 22,68,000 होतात. 15 लाखांचा फरक, आणि कशामुळे तर रद्दीमुळे! म्हणून डायऱ्या, बिलबुकं, फोनपेचा हिशोब, बँक पासबुक, व्हॉट्सॲपवरच्या ऑर्डरी, कशालाही हात लावू देऊ नका, मोबाईलसुद्धा फॉर्मॅट करून पोराला वापरायला देऊ नका. आमच्याकडे शेवटी दोन दुकानदार स्वतःच्या वह्या घेऊन साक्षीला आले म्हणून थोडं निभावलं. आणि गेलेली बाई गृहिणी असेल तर "तिची कुठे कमाई होती" म्हणून गप्प बसू नका, घरकामाचंही उत्पन्न धरतात.

दुसरी चूक घाईची. समोरच्या गाडीच्या विमा कंपनीचा माणूस घरी येतो, फार गोड बोलतो, 5 लाख लगेच मिळतील म्हणतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली चूक कोणाची हे सिद्ध न करता मृत्यूसाठी 5 लाख मिळतात हे खरंच आहे, पण ते घेतले की ट्रिब्युनलमधला (म्हणजे अपघाताच्या दाव्यांच्या कोर्टातला) मोठा दावा संपतो, हे तो सांगत नाही. वरचा हिशोब घालून बघा आणि मगच सही करा. ट्रकमालकाकडून कोणी "राजीनामा करून टाका" म्हणत आलं तरी कोऱ्या कागदावर सही नाहीच. (आपल्याकडे इंदूरात तडजोडीला राजीनामाच म्हणतात, मुंबई-पुण्याच्या नातेवाईकांना वाटतं कोणी नोकरी सोडली.)

मुदत. जुने लोक सांगतात क्लेमला मुदत नसते, 1994 नंतर नव्हतीही, पण 1 एप्रिल 2022 पासून कायद्यात अपघाताच्या तारखेपासून सहा महिने आहेत. वर्षश्राद्ध होऊन जाऊ दे मग बघू, असं करू नका.

भाऊजींचा अपघात धुळ्याजवळ झाला, नाशिकला लग्नाला जाताना, त्यामुळे सगळे म्हणाले आता धुळ्याच्या चकरा. अजिबात नाही, आपण राहतो तिथल्या ट्रिब्युनलमध्येही दावा लावता येतो. एफआयआर तिकडची, केस इंदूरच्या जिल्हा कोर्टात. ड्रायव्हरवरची फौजदारी केस वेगळी चालते, तिचा निकाल लागायची वाट बघत बसायचं नाही.

गाडी पळून गेली, नंबरच नाही, तर लोक सगळंच सोडून देतात. हिट अँड रनमध्ये मृत्यूसाठी 2 लाख आहेत, अर्ज एसडीएम (उपविभागीय अधिकारी) नाहीतर तहसीलदाराकडे, जिथे अपघात झाला तिथल्या.

वकिलाचं बोलायचं तर पोस्टमॉर्टमच्या दारातच "फी काही नको, मिळाल्यावर इतके टक्के" म्हणणारे भेटतात. टक्केवारी ठरवायला बार कौन्सिलच्या, म्हणजे वकिलांच्या संस्थेच्या, नियमात बंदी आहे. बाईमाणसाला उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट वकील मिळू शकतो, आम्हाला हे फार उशिरा कळलं.

गेलेल्या माणसाची स्वतःची पॉलिसी पण बघा, स्वतःची गाडी चालवत असेल तर तिच्या विम्यात मालक-चालकाचं 15 लाखांचं कव्हर असू शकतं, आणि पासबुकात वर्षाला 20 रुपये कटत असतील तर पंतप्रधान सुरक्षा विम्याचे 2 लाख वेगळे. एलआयसीचे पैसे आले म्हणून क्लेममधून ते वजा होत नाहीत.

आणि एक खास आपल्या इंदूरवाल्यांची भानगड. इकडच्या हिंदी कागदांत आपला ळ कधीच टिकत नाही. ताईच्या घरी मार्कशीटवर काळे, आधारवर काले, आणि धुळ्याच्या एफआयआरमध्ये परत काळे, समोरच्या वकिलानं पहिल्याच तारखेला विचारलं, हे दोघं एकच का? नोटरीकडून शपथपत्र करून आणेपर्यंत एक तारीख गेली, पुढची मिळाली दोन महिन्यांनंतरची.